धावत राहणारी स्मृती : ब्रुसेल्सच्या एका वार्षिक मैदानी स्पर्धेचा इतिहास

दिवंगत व्यक्तीची स्मृती जपण्याचे अनेक मार्ग समाजाने शोधून काढले आहेत. कोणी पुतळा उभारतो, कोणी ग्रंथालयाला नाव देतो, तर कोणी शिष्यवृत्ती ठेवतो. स्मृती क्रीडास्पर्धा हा प्रकारही आपल्या शाळा-महाविद्यालयांना चांगलाच परिचित आहे. फलक लागतो, प्रतिमेला पुष्पहार अर्पण होतो, शिट्टी वाजते आणि शर्यती सुरू होतात. परंतु काही वर्षे लोटली की फलकावरील व्यक्ती कोण होती, हे धावणाऱ्या मुलांना सांगता येत नाही, असाही अनुभव येतो. स्पर्धेमुळे नाव कसे टिकते, हे समजून घेण्यासाठी जगातील एका नामांकित स्मृती स्पर्धेचा इतिहास आम्ही येथे विद्यार्थ्यांपुढे ठेवीत आहोत. ती स्पर्धा बेल्जियमची राजधानी ब्रुसेल्स येथे भरते.

बेल्जियम हा देश आपल्या क्रीडा-इतिहासाला अगदीच परका नाही. पुण्याच्या डेक्कन जिमखान्याच्या क्रीडास्पर्धांत अनवाणी धावणारी शेतकऱ्यांची मुले सर दोराबजी टाटा यांनी पाहिली आणि भारतीय खेळाडूंना ऑलिंपिकला पाठविण्याचा विचार पुढे आला. १९२० मध्ये बेल्जियममधील अँटवर्प येथे भारताचा छोटा संघ उतरला. त्यात बेळगावचे फडेप्पा दरेप्पा चौगुले होते. मॅरेथॉन शर्यतीत ते एकोणिसावे आले. पदक मिळाले नाही. परंतु भारतीय धावपटू जगाबरोबर मॅरेथॉन पूर्ण करू शकतो, हे त्यांनी सिद्ध केले. आज आपल्यापैकी किती जणांना हे नाव ठाऊक आहे?

आता ब्रुसेल्सच्या स्पर्धेकडे वळू. ती ज्यांच्या नावाने भरते, ते ईव्हो व्हान डाम यांचा जन्म २१ फेब्रुवारी १९५४ रोजी बेल्जियममध्ये झाला. प्रारंभी ते फुटबॉल खेळत असत. किशोरवयात ते धावण्याकडे वळले. १९७६ च्या माँट्रियल ऑलिंपिकमध्ये ८०० मीटर शर्यतीत क्यूबाच्या अल्बर्टो ह्वांतोरेना यांनी १ मिनिट ४३.५० सेकंदांचा विश्वविक्रम करून सुवर्णपदक जिंकले. १ मिनिट ४३.८६ सेकंदांची वेळ नोंदवून व्हान डाम दुसरे आले. १५०० मीटरमध्येही त्यांना रौप्यपदकच मिळाले. न्यूझीलंडच्या जॉन वॉकर यांच्यापेक्षा ते अवघ्या एक दशांश सेकंदाने मागे राहिले. त्यांचे वय तेव्हा बावीस होते आणि पुढील अनेक वर्षे त्यांच्यापुढे आहेत, असेच सर्वांना वाटत होते. परंतु त्याच वर्षी २९ डिसेंबरला, दक्षिण फ्रान्समध्ये झालेल्या मोटार अपघातात त्यांचा मृत्यू झाला.

या अकाली मृत्यूनंतर बेल्जियमच्या क्रीडापत्रकारांनी पुढाकार घेतला आणि १९७७ च्या ऑगस्टमध्ये ब्रुसेल्सच्या हेझेल मैदानावर पहिली स्मृती स्पर्धा भरविली. येथे एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. ज्यांच्या नावाने ही स्पर्धा सुरू झाली, त्यांच्याजवळ ऑलिंपिकचे सुवर्णपदक नव्हते. त्यांच्या देशाने विजयाचे नव्हे, तर अपुऱ्या राहिलेल्या प्रयत्नाचे स्मरण करायचे ठरविले. अपुरे काम पुढच्यांनी हाती घ्यायचे असते. म्हणून या स्मरणासाठी मैदानाइतके योग्य स्थान दुसरे नव्हते.

पुढच्यांनी ते काम हाती घेतलेही. १९८१ मध्ये इंग्लंडच्या सेबॅस्टियन को यांनी येथे एक मैल अंतर ३ मिनिटे ४७.३३ सेकंदांत धावून विश्वविक्रम केला. २००५ मध्ये इथियोपियाच्या केनेनिसा बेकेले यांनी १०,००० मीटरसाठी २६ मिनिटे १७.५३ सेकंद अशी वेळ नोंदविली; तो विक्रम पंधरा वर्षे टिकला. २०२० मध्ये महामारीच्या सावटाखाली येथे एका तासाची शर्यत झाली. या प्रकारात अंतर ठरलेले नसते. तासाभरात कोण किती धावतो, हे मोजतात. ब्रिटनच्या मो फारा यांनी २१,३३० मीटर, तर नेदरलँड्सच्या सिफान हसन यांनी १८,९३० मीटर अंतर कापले. दोन्ही विश्वविक्रम ठरले.

अशा विक्रमांमागे बहुधा आणखी काही धावपटू असतात, ज्यांची नावे क्वचितच छापली जातात. ते आरंभीचे काही फेरे ठरलेल्या वेगाने पुढे धावतात. मागच्याला वेगाचा हिशेब ठेवावा लागत नाही आणि वाऱ्याचा विरोधही कमी होतो. आपले काम संपले की ते मार्गिकेबाहेर पडतात. दुसऱ्याच्या यशासाठी आपले बळ वेचणे हाही मैदानावरचा एक धर्म आहे, हे विद्यार्थ्यांनी विसरू नये.

२०२४ मध्ये या इतिहासाच्या दोन कड्या जुळल्या. व्हान डाम यांचा ८०० मीटरचा राष्ट्रीय विक्रम त्या वर्षी त्यांच्याच देशाच्या एलियट क्रेस्टान यांनी मोडला. तो तब्बल ४८ वर्षे अबाधित होता. त्याच वर्षी १३ सप्टेंबरला, या स्मृती स्पर्धेत भरलेल्या डायमंड लीगच्या अंतिम फेरीत, बीड जिल्ह्यातील आष्टी तालुक्याच्या मांडवा गावचे अविनाश साबळे ३००० मीटर स्टीपलचेस धावले. शेतकरी कुटुंबातील हा मुलगा लहानपणी काही किलोमीटर पायी शाळेत जात असे. पुढे तो सैन्याच्या महार रेजिमेंटमध्ये दाखल झाला आणि तेथे कसून सराव करून घडला. २०२२ च्या राष्ट्रकुल स्पर्धेत साबळे यांचे सुवर्ण केवळ ०.०५ सेकंदाने हुकले होते. ब्रुसेल्समध्ये ते नववे आले. दुसऱ्या दिवशी भालाफेकीत नीरज चोप्रा अवघ्या एका सेंटिमीटरने दुसरे राहिले. रौप्यपदक विजेत्याच्या नावाने भरणाऱ्या मैदानावर या दोघांचे प्रयत्न उणे ठरत नाहीत.

या इतिहासातून निवासी शाळांनी तीन गोष्टी घ्याव्यात, असे आम्हांस वाटते. पहिली, शर्यतीची शिट्टी वाजण्यापूर्वी ज्यांच्या नावाने स्पर्धा आहे त्यांचे जीवन मुलांना सांगितले जावे, आणि ते एखाद्या विद्यार्थ्यानेच सांगावे. दुसरी, दरवर्षीच्या वेळा आणि अंतरे एका नोंदवहीत लिहून ठेवावीत. व्हान डाम यांची वेळ लिहिलेली होती, म्हणूनच ४८ वर्षांनी दुसरा कोणी तिच्याशी स्पर्धा करू शकला. तिसरी, त्या वहीत केवळ पहिल्या तिघांची नव्हे, तर शर्यत पूर्ण करणाऱ्या प्रत्येकाची नोंद असावी. अँटवर्पमधील एकोणिसावा क्रमांक कोणी लिहून ठेवला नसता, तर चौगुले यांच्याविषयी आज आपल्याला काय सांगता आले असते?

मुळशीच्या डोंगरउतारांवर वाढणाऱ्या मुलामुलींना चढण नवी नाही. कासार आंबोलीच्या परिसरात पहाटे धावणाऱ्या पायांना गरज आहे ती मोजलेल्या मार्गिकेची, वेळ लिहिणाऱ्या हाताची आणि दरवर्षी न चुकता भरणाऱ्या स्पर्धेची. शरीर अनित्य आहे आणि विक्रमही अनित्यच. कोणीतरी तो मोडतोच. मात्र तो मोडण्यासाठी जोवर कोणी तयारी करीत असतो, तोवर ज्याचा विक्रम आहे त्याची स्मृती जिवंत असते. आपल्या विद्यार्थ्यांनी ही तयारी नित्य चालू ठेवावी, हीच या अभ्यासामागची आमची अपेक्षा आहे.