मूल अडखळत बोलू लागते तेव्हा



आपल्या कार्यक्षेत्रातील बऱ्याच घरांतला एखादा मुलगा नाही तर लेक नोकरीधंद्यासाठी नवी मुंबईकडे गेलेली असते. पनवेलच्या खांदा कॉलनीत राहणारी अशी कुटुंबे सुट्टीत गावी आली की आमच्यापाशी घरचे प्रश्न काढतात. त्यातला एक प्रश्न हल्ली वरचेवर कानी येतो. तीन-साडेतीन वर्षांचे पोर कालपर्यंत पोपटासारखे बोलत होते, आणि आता 'प-प-प-पाणी' म्हणून अडकते. आजी गावाकडून फोनवर सांगते, दृष्ट काढा. शेजारी म्हणतात, जिभेला वेखंड लावा. वडील चिडून म्हणतात, नीट बोल! या विषयाची शास्त्रीय माहिती सोप्या शब्दांत द्यावी, म्हणून हा लेख.

प्रथम हे ध्यानात घ्यावे की बोलण्याच्या सगळ्या तक्रारी एका माळेच्या नाहीत. मूल उशिरा बोलणे, बोबडे बोलणे आणि अडखळणे या तीन निरनिराळ्या गोष्टी आहेत, आणि तिन्हींचे उपायही निराळे.

उशिरा बोलणाऱ्या मुलाविषयी आमचे सांगणे एवढेच, की आधी कान तपासा. मूल ऐकते तेच बोलते. वर्षाच्या सुमारास एखाद-दुसरा शब्द आणि दोन वर्षांचे होताना 'आई ये', 'दूध दे' अशी दोन शब्दांची जोडी यावी, हा ढोबळ हिशेब. ती आली नाही तर 'याचा बाप पण उशिरा बोलला होता' म्हणून वाट पाहत बसू नये. थाळी वाजवली की पोर वळून बघते, म्हणजे कान शाबूत, असे आपल्याकडे मानतात. ही परीक्षा खरी नव्हे. मोठा आवाज ऐकू येऊनही बोलण्यातले बारीक आवाज न ऐकणारी मुले असतात. आता तान्ह्या बाळाचीसुद्धा श्रवणचाचणी यंत्राने काही मिनिटांत होते. बाळ झोपलेले असले तर उलट बरेच. ऐकण्याचा दोष जितका लवकर सापडेल तितकी भाषा वाचते. कान ठीक असूनही मूल हाकेला बघत नसेल, बोट दाखवून काही मागत नसेल, तर बालरोगतज्ज्ञांकडे जाण्यास मुळीच विलंब करू नये.

बोबडेपणाचे फारसे भय नको. 'कुत्रा'चा 'तुत्ता' बहुतेक घरांत होतो. मराठीतला 'र' आणि 'ळ' मुलांना उशिरा साधतात. चार वर्षांच्या मुलाचे बोलणे परक्या माणसालाही बहुतांशी समजले पाहिजे. न समजले तर दाखवावे. जीभ चिकटलेली आहे, दोरा कापला की पोर बोलेल, असेही सांगणारे भेटतात. पण उशिरा बोलण्याचे कारण तो दोरा क्वचितच असतो. आणि वेखंड मधातून चाटवणाऱ्यांनी एक लक्षात ठेवावे : एक वर्षाच्या आतील बाळास मध देणे धोक्याचे आहे.

आता मुख्य विषय, तोतरेपणा.

आपल्या कारखान्यातले उदाहरण घेऊ. गव्हाणीत ऊस भरपूर आहे, रोलरही धडधाकट आहेत, पण फिरण्याचा आणि ऊस येण्याचा मेळ क्षणभर चुकला की मिल तुंबते. तोतऱ्या मुलाचे तसेच. शब्द त्याच्यापाशी आहेत, जीभही चांगली आहे. बोलताना श्वास, कंठ, जीभ आणि ओठ यांची हालचाल मेंदू एका ठेक्यात चालवतो. त्या ठेक्यात खंड पडतो. यात बुद्धीचा काही संबंध नाही. पुष्कळदा घराण्यात आणखी कोणी तोतरे बोलणारे असते. घाबरल्यामुळे, दुसऱ्याची नक्कल केल्यामुळे किंवा आईबापांच्या चुकीमुळे हा दोष उपजत नाही. हे आम्ही मुद्दाम लिहितो, कारण अशा घरात पहिला बोल नेहमी सुनेला लागतो.

साधारण दोन ते पाच वर्षांच्या दरम्यान शंभरातली पाच-एक मुले काही काळ अडखळतात. त्यांतील बहुतेकांचे आपोआप सुटते. मोठेपणी हा दोष शंभरात एखाद्याकडेच उरतो आणि त्यांत पुरुष जास्त. मग कोणाकडे लक्ष द्यावयाचे? 'मला मला मला लाडू हवा' असे सबंध शब्द परत म्हणणे या वयात साधे समजावे. पण 'ल-ल-ल-लाडू' असा एकच अक्षर फिरत राहणे, 'मऽऽऽला' असे ताणणे, तोंड उघडे राहून आवाजच न फुटणे, सोबत डोळे मिटणे, पाय आपटणे, ही खरी लक्षणे. असे सहा महिने चालले, घराण्यात कोणाला आहे, किंवा मूल स्वतःच बोलायचे टाळू लागले, तर थांबू नये.

टोकण्याने काय होते, याची एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. 1939 साली अमेरिकेत आयोवा राज्यातल्या एका अनाथाश्रमात विद्यापीठाच्या लोकांनी 22 मुलांवर प्रयोग केला. त्यांतल्या काही चांगल्या बोलणाऱ्या मुलांना महिनोन्महिने सांगण्यात आले की तुमचे बोलणे बिघडते आहे, सांभाळून बोला. ती मुले तोतरी झाली असे सिद्ध झाले नाही, मात्र त्यांतली कित्येक बुजली, गप्प राहू लागली. प्रयोग बरीच वर्षे झाकून राहिला. विद्यापीठाने 2001 साली माफी मागितली आणि 2007 साली राज्याला नुकसानभरपाई द्यावी लागली. अनाथ पोरांवर असले प्रयोग करणाऱ्यांना काय म्हणावे! असो. आपल्या घरी 'सावकाश बोल', 'परत म्हण बघू', 'पाहुण्यांना कविता म्हणून दाखव' हे दिवसातून दहा वेळा चालते, ते प्रेमापोटी असले तरी पोराला एवढेच कळते की आपले बोलणे कोणाला आवडत नाही.

मग करायचे काय? मुलाला सावकाश बोलायला सांगू नका, स्वतः सावकाश बोला. त्याचे वाक्य तुम्ही पुरे करू नका. काय म्हणतो ते ऐका, कसे म्हणतो ते सोडा. प्रश्नांची सरबत्ती कमी करा. 'शाळेत काय केलं? डबा खाल्ला का? बाई काय म्हणाल्या?' याऐवजी 'आज डबा रिकामा आला, वा!' म्हणून गप्प बसा, पोर आपणहून बोलू लागते. एका वेळी एकानेच बोलायचे, हा नियम मोठ्यांनाही लावा. आणि रोज पाच-दहा मिनिटे टीव्ही, मोबाईल बंद करून त्या एकट्याजवळ बसा.

एक गंमत बघा. तोतरे बोलणारा माणूस गाताना सहसा अडखळत नाही, चारचौघांबरोबर एका सुरात म्हणतानाही नाही. म्हणून संध्याकाळी घरात मनाचे श्लोक किंवा हरिपाठ सगळ्यांनी मिळून म्हटला, तर त्या मुलाला आपला आवाज मोकळा निघतो याचा आनंद मिळतो. हा दोषावरचा इलाज नव्हे, पण आनंदही काही थोडका नाही.

खांदा कॉलनीत घरी मराठी, जिन्यात हिंदी, शाळेत इंग्रजी आणि बाजारात आगरी बोली, अशा चार भाषा पोराच्या कानावर पडतात. त्यामुळे ते गोंधळून तोतरे होते, हा समज निराधार आहे. कोणाच्या सांगण्यावरून घरातली मराठी बंद करू नये. आजीशी बोलायची भाषाच तोडली, तर राहिले काय?

आता ताणाविषयी. ताणामुळे तोतरेपणा जन्मत नाही हे वर आलेच, पण घाईगर्दीच्या दिवशी तो वाढतो. खांदेश्वरहून मुंबईला जायला-यायला रोजचे तीन तास, त्यात उभ्याने प्रवास. घरी आल्या आल्या मुलाचे लांबलेले वाक्य ऐकायला धीर कुठून यावा? अशा वेळी दार उघडण्यापूर्वी जिन्यातच दोन मिनिटे थांबावे. श्वास नेहमीसारखा घ्यावा आणि गरम चहावर फुंकर घालावी तसा सावकाश, लांब सोडावा. सात-आठ वेळा पुरे. दुसरा उपाय : ओला टॉवेल पिळावा तशी मूठ घट्ट आवळून एकदम सैल सोडावी, मग खांदे, मग पाय. एडमंड जेकबसन या अमेरिकन डॉक्टरांनी शंभर वर्षांपूर्वी बसवलेल्या पद्धतीचेच हे सोपे रूप. मुलांना हा खेळ फार आवडतो. साबणाचे फुगे उडवणे हाही त्यांच्यासाठी लांब श्वास सोडण्याचाच खेळ. जेवणानंतर पोराचे बोट धरून खांदेश्वर मंदिराकडे फेरी मारावी. फेरीत मोबाईल घरी ठेवावा. झोप मात्र मोठ्यांनी आणि लहानांनीही चोरू नये. मन फारच जड झाले, तर 14416 या क्रमांकावर सरकारची टेलि-मानस मदत विनामूल्य मिळते.

तपासणीसाठी कुठे जावे? वांद्रे रेक्लमेशन येथे 9 ऑगस्ट 1983 रोजी स्थापन झालेली अली यावर जंग राष्ट्रीय संस्था नेमके हेच, वाणी आणि श्रवणाचे, काम करते. खांदेश्वरहून हार्बर गाडीने वडाळा रोडला बदलून वांद्र्याला उतरता येते. मुंबई सेंट्रलजवळच्या नायर रुग्णालयातही हा विभाग आहे. आपल्या गावाकडच्या सभासदांसाठी राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम आहे. 2013 साली आपल्याच राज्यात पालघर येथून त्याची सुरुवात झाली. त्याचे पथक अंगणवाडीत वर्षातून दोनदा आणि शाळेत एकदा मुले तपासते, आणि पुढचे उपचार जिल्ह्याच्या केंद्रात मोफत होतात. पथक यायच्या दिवशी पोराला शेतावर नेऊ नका.

जाताना मुलाच्या नेहमीच्या बोलण्याचे दोन-तीन मिनिटांचे मुद्रण मोबाईलवर करून न्यावे, कारण डॉक्टरांपुढे ही मुले हटकून चांगली बोलतात नाही तर बोलतच नाहीत. शाळेतल्या बाईंनाही आधी भेटून ठेवावे : तोंडी परीक्षेत त्याला थोडा वेळ जास्त द्या, आणि वर्गात कोणी चिडवले तर त्या पोराला बाजूला घेऊन समजावा, आमच्या मुलाला सर्वांसमोर उभे करू नका.