धातूंचा पर्वत

जर्मनी आणि चेक प्रजासत्ताक या दोन देशांच्या सीमेवर सुमारे १५० किलोमीटर लांबीची एक पर्वतरांग पसरलेली आहे. जर्मन लोक तिला एर्त्सगेबिर्ग म्हणतात. ‘एर्त्स’ म्हणजे ज्यातून धातू काढतात तो दगड. क्लिनोवेत्स हे तिचे सर्वोच्च शिखर अवघे १२४४ मीटर उंच आहे. आल्प्सच्या हिमशिखरांपुढे ते ठेंगणेच दिसेल. परंतु या पर्वताला नाव मिळाले ते उंचीमुळे नव्हे, तर त्याच्या पोटात दडलेल्या संपत्तीमुळे.

उत्तरेकडून, म्हणजे जर्मनीतून येणाऱ्या प्रवाशाला आपण पर्वत चढत आहोत याची जाणीवही होत नाही. शेते, कुरणे, स्प्रूस वृक्षांची गर्द वने आणि दलदलीची पठारे मागे टाकीत तो हळूहळू माथ्यावर पोहोचतो. आणि तेथे पायांखालची भूमी एकाएकी संपते! समोर सरळ उतरलेला कडा आणि शेकडो मीटर खाली चेक देशाचे सपाट खोरे. अंगणातील एखादी फरशी एका कडेने पहार घालून उचलावी आणि दुसरी कडा तशीच जमिनीत राहू द्यावी, तसा या पर्वताचा आकार आहे.

ही फरशी उचलली कोणी? या पर्वताचे खडक फार प्राचीन. ३० कोटींहून अधिक वर्षांपूर्वी दोन भूखंडे एकमेकांवर आदळली. त्या दाबाने आणि उष्णतेने जुन्या खडकांचे रूप पालटले, आणि खालून वर घुसलेला तप्त शिलारस थिजून त्याचा ग्रॅनाइट झाला. खडकांच्या भेगांतून उष्ण पाणी दीर्घकाळ खेळत राहिले. ते निवताना त्यात विरघळलेले चांदी, कथील, कोबाल्ट, युरेनियम यांसारखे धातू भेगांत साचले व त्यांच्या शिरा बनल्या. पाऊसवाऱ्याने तो आदिपर्वत झिजून जवळजवळ सपाट झाला. त्यानंतर कोट्यवधी वर्षांनी भूकवचास तडा जाऊन दक्षिणेकडील भाग खचला, आणि उत्तरेकडील भाग कलून वर उचलला गेला. खचलेल्या खोऱ्यात दलदलीची अरण्ये वाढली; सुमारे २ कोटी वर्षांपूर्वी ती गाडली गेली आणि त्यांचा तपकिरी कोळसा झाला. अशा रीतीने माथ्यावर धातू आणि पायथ्याशी कोळसा अशी या प्रदेशाची वाटणी झाली.

११६८ साली फ्रायबेर्गजवळ चांदी सापडली आणि कुदळी-पहारी घेतलेल्या माणसांची रीघ लागली. पुढे १५१६ मध्ये दक्षिण उतारावरील एका दरीत याखिमोव्ह हे गाव वसले. त्याचे जर्मन नाव योआखिम्सथाल. थोड्याच वर्षांत तेथे इतकी वस्ती झाली, की बोहेमिया राज्यात प्रागच्या खालोखाल तेच शहर गणले जाई. तेथील टांकसाळीत पाडलेल्या रुप्याच्या नाण्याला गावावरून ‘थालर’ म्हणू लागले, आणि त्याच शब्दापासून पुढे ‘डॉलर’ हा शब्द निघाला. अमेरिकेतील व्यापारी रोज उच्चारतो तो शब्द एका डोंगरी खेड्याचा आहे, हे त्याच्या ध्यानीमनीही नसेल!

याच गावी १५२७ पासून काही वर्षे आग्रिकोला नावाचा विद्वान वैद्य राहत असे. खाणीतील यंत्रे, भट्ट्या, पाणी उपसण्याचे रहाट हे सारे त्याने बारकाईने पाहिले आणि खाणविद्येवर एक मोठा सचित्र ग्रंथ लिहिला. तो त्याच्या मृत्यूनंतर १५५६ मध्ये प्रसिद्ध झाला. खाणीतील धूळ माणसाचे फुप्फुस पोखरते, हेही त्याने लिहून ठेवले होते.

चांदीच्या शिरांबरोबर खाणकऱ्यांना एक काळा, जड दगड आढळे. तो दिसला की येथली चांदी संपली असे समजून ते खिन्न होत आणि तो फेकून देत. हाच पिचब्लेंड. १७८९ मध्ये क्लाप्रोट या रसायनशास्त्रज्ञाला त्यात युरेनियम सापडले. काचेला रंग देण्यासाठी युरेनियम काढून घेत आणि उरलेला चोथा रानात टाकीत. १८९८ मध्ये मेरी व पिएर क्यूरी यांनी पिचब्लेंडमध्ये रेडियम असल्याचे दाखविले. मग तोच चोथा पोत्यांत भरून पॅरिसला गेला. त्या तपकिरी मातीत रानातील झाडांच्या सुईसारख्या पानांचा कचराही मिसळलेला होता! त्यातून मेरीबाईंनी अपार कष्टाने चिमूटभर रेडियम वेगळे केले.

या पर्वताच्या उत्तर उतारावरील श्नेबेर्ग गावचे खाणकरी ऐन उमेदीत खंगून मरत. तो फुप्फुसाचा कर्करोग आहे, असे दोन वैद्यांनी १८७९ मध्ये दाखवून दिले. परंतु खडकातील युरेनियमपासून निर्माण होणारा रॅडॉन हा अदृश्य वायू त्यामागे आहे, हे कळावयास आणखी कित्येक दशके जावी लागली. दुसऱ्या महायुद्धानंतर अणुबाँबसाठी युरेनियम हवे होते. तेव्हा याखिमोव्हच्या खाणींत राजकीय कैद्यांना जुंपण्यात आले. हे सारे ठाऊक असूनही त्यांना खाली उतरविले, ही गोष्ट विसरण्याजोगी नाही.

पायथ्याच्या कोळशानेही आपला वाटा उचललाच. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात तो जाळणाऱ्या वीजकेंद्रांतून गंधकयुक्त धूर निघे आणि कड्यावरून माथ्यावर चढे. १९७० ते १९९० या काळात माथ्यावरील स्प्रूसची वने मैलोगणती वाळून गेली. उरले ते नुसते करडे खुंट. १९९० नंतर धुरातील गंधक काढून टाकण्याची व्यवस्था झाली, तेव्हा कोठे तेथे नवी रोपे तग धरू लागली.

२०१९ मध्ये युनेस्कोने या खाणप्रदेशाला जागतिक वारशाचा मान दिला. याखिमोव्हची सोळाव्या शतकातील स्वोर्नोस्त ही खाण आजही चालू आहे. मात्र तेथून आता चांदी निघत नाही. वर येते ते कोमट पाणी. त्यात रॅडॉन असतो, आणि सांधेदुखीचे रुग्ण वैद्यांच्या देखरेखीखाली, ठरावीक वेळ, त्या पाण्यात बसण्यासाठी दूरदूरहून येतात.