पेरूचा क्रम्बल : बागेतून भट्टीपर्यंत

चंडीगडच्या बाजारात पावसाळी पेरू येऊ लागला की विक्रेते फळे पिवळीधमक करून मांडतात. येथे आल्यानंतरच्या पहिल्याच ऑगस्टमध्ये अशी फळे आणून भाजलेला गोड पदार्थ करण्याचा प्रयत्न केला. बाहेरून निर्दोष दिसणारी निम्मी फळे कापताच अळ्यांनी भरलेली निघाली. कीटकशास्त्रज्ञाच्या घरी हे घडावे, याची खंत वाटली. परंतु पदार्थाचा खरा पहिला धडा तेथेच मिळाला.

पदार्थाची ओळख

क्रम्बल हा इंग्रजी घरांतील पदार्थ. खाली फळांच्या फोडी, वर लोणी चोळलेल्या पिठाचा भुगा, आणि भट्टीत भाजणे, एवढीच त्याची रीत. आपल्याकडील नानकटाईचे मिश्रण, म्हणजे बेसन, रवा आणि तूप, या भुग्याच्या जागी उत्तम बसते. साखरेऐवजी गूळ, दालचिनीऐवजी जायफळ-वेलदोडा आणि सोबतीच्या कस्टर्डऐवजी श्रीखंड घेतल्यास दोन्ही परंपरांचा मेळ बसतो.

पेरूची निवडही सार्थ आहे. पुण्याच्या गणेशखिंड येथे डॉ. चीमा यांनी निवडलेला ‘सरदार’ अर्थात ‘लखनौ-४९’ हा वाण आज महाराष्ट्राप्रमाणेच पंजाबच्या बागांतही लावला जातो.

फळमाशी आणि फळाची निवड

पेरूवर प्रामुख्याने बॅक्ट्रोसेरा डॉर्सॅलिस व बॅक्ट्रोसेरा झोनाटा या फळमाश्या आढळतात. मादी सालीला सूक्ष्म छिद्र पाडून आत अंडी घालते. अंड्यांतून निघालेल्या अळ्या गर खातात व पूर्ण वाढ झाल्यावर फळाबाहेर पडून मातीत कोष करतात. फळ जसजसे मऊ व पिवळे होते, तसतसा प्रादुर्भाव वाढतो. म्हणूनच आंबे बहाराचे, पावसाळ्यात पिकणारे फळ सर्वाधिक नुकसान सोसते. मृग बहाराचे हिवाळी फळ बरेचसे सुरक्षित राहते.

येथेच या पदार्थाचा शेतकऱ्यास उपयोग आहे. भाजण्यासाठी मऊ फळ नकोच असते. त्याचा लगदा होतो. गडद हिरवा रंग जाऊन फिका पोपटी येताच तोडलेले टणक फळ येथे सर्वोत्तम ठरते. अशा वेळेवर केलेल्या तोडणीने प्रादुर्भाव कमी होतो, पूर्णपणे टळत नाही. त्यामुळे फळांना पिशव्या घालणे व मिथाइल युजेनॉलचे सापळे लावणे आवश्यकच आहे. पंजाब कृषी विद्यापीठाने एकरी १६ सापळ्यांची शिफारस केली आहे. हे सापळे केवळ नरांना आकर्षित करतात, म्हणून ते प्रादुर्भावापूर्वीच आणि शक्यतो परिसरातील सर्व बागांत लावावेत.

साहित्य (सहा जणांसाठी)

- बिया काढलेल्या पेरूच्या फोडी ६०० ग्रॅम
- चिरलेला गूळ ८० ग्रॅम, लिंबाचा रस १ चमचा, जायफळ व वेलदोडा पूड
- कणीक १०० ग्रॅम, बेसन ५० ग्रॅम, रवा २५ ग्रॅम
- पिठीसाखर ६० ग्रॅम, थिजलेले तूप ९० ग्रॅम, चिमूटभर मीठ

कृती

१. प्रत्येक फळ धुऊन चार भागांत कापावे व तपासावे. सालीवर टाचणीएवढा डाग, त्याखाली तपकिरी मऊ गर किंवा अळी दिसल्यास संपूर्ण फळ बाजूला काढावे.

२. चांगल्या फळांचा बियांचा गाभा थोड्या पाण्यात शिजवून चाळणीतून गाळावा. हा गर फोडींत मिसळावा. वाया काही जात नाही.

३. फोडी, गर व गूळ मंद आचेवर ८ ते १० मिनिटे शिजवावे. लिंबाचा रस व मसाला घालून मिश्रण भाजण्याच्या भांड्यात पसरावे.

४. बेसन कोरडेच हलके भाजून पूर्ण थंड करावे. कणीक, रवा, साखर व मीठ मिसळून तूप बोटांच्या टोकांनी चोळावे. गोळा न करता जाडसर भुगा ठेवावा व फोडींवर न दाबता पसरावा.

५. १८० अंश सेल्सिअसवर ३५ ते ४० मिनिटे, वरचा थर बदामी होईपर्यंत भाजावे. ओव्हन नसल्यास जाड कढईत वाळूचा थर तापवून, तिवईवर भांडे ठेवून झाकावे. वेळ अधिक लागेल व रंग फिका राहील.

कोमट असताना थंड श्रीखंडासोबत वाढावे. उरलेला पदार्थ शीतकपाटात ठेवून दोन दिवसांत संपवावा.

विस्तार कार्यकर्त्यांसाठी

बचत गटांना प्रशिक्षण देताना एक प्रश्न हमखास येतो : ‘किडके तेवढे काढून उरलेले वापरले तर? भट्टीत सगळे मरतेच ना?’ अळी मरते, हे खरे. परंतु सडलेल्या गराची चव व वास जात नाही, आणि ग्राहकाचा एकदा गेलेला विश्वास परत येत नाही. त्याहून मोठा धोका शेडच्या मागे टाकलेल्या ढिगात असतो. त्यातील अळ्या मातीत जाऊन माश्यांची पुढची पिढी त्याच बागेवर सोडतात. म्हणून काढून टाकलेली व झाडाखाली पडलेली फळे रोज गोळा करून किमान ६० सेंटिमीटर खोल पुरावीत, अथवा घट्ट बांधलेल्या प्लास्टिकच्या पिशवीत भरून उन्हात ठेवावीत. विक्री करावयाची असल्यास अन्न सुरक्षा नोंदणी प्रथम करून घ्यावी.

प्रक्रिया उद्योग हा किडक्या फळांची विल्हेवाट लावण्याचा मार्ग नव्हे. चांगले फळ वेळेवर तोडणाऱ्यास मिळणारा तो मोबदला आहे, हे गटांच्या मनावर ठसवणे हेच या पाठाचे प्रयोजन.