आलिसची वही

इंग्लंडातील ऑक्सफर्ड येथे क्राइस्ट चर्च नावाचे एक जुने महाविद्यालय आहे. तेथे चार्ल्स लटविज डॉजसन हे गणित शिकवीत असत. १८३२ साली जन्मलेले हे गृहस्थ स्वभावाने संकोची होते. बोलताना ते अडखळत. परंतु मुलांना गोष्टी सांगण्याचा त्यांना मोठा छंद होता.

४ जुलै १८६२ रोजी महाविद्यालयाचे प्रमुख लिडेल यांच्या लोरिना, आलिस व ईडिथ या तीन मुलींना घेऊन डॉजसन आपल्या मित्रासह नावेतून सहलीस निघाले. वाटेत मुलींनी गोष्टीचा हट्ट धरला. डॉजसन सुचेल तशी गोष्ट रचीत गेले. पांढऱ्या सशाच्या मागे बिळात शिरून एक मुलगी अद्भुत प्रदेशात पोहोचते. तिचे नावही आलिसच!

सांगितलेली गोष्ट वाऱ्यावर विरून जाते. ही गोष्टही तशीच विरून गेली असती. परंतु दहा वर्षांच्या आलिसने ती लिहून देण्याचा आग्रह धरला. डॉजसन यांनी सुवाच्य अक्षरांत ती लिहिली, स्वतः ३७ चित्रे काढली आणि १८६४ च्या नोव्हेंबरात ती वही आलिसला भेट दिली.

पुढे गोष्टीत भर घालून १८६५ साली त्यांनी ती 'ल्युइस कॅरल' या टोपणनावाने छापविली. चित्रे जॉन टेनियल यांची होती. चित्रांची छपाई टेनियल यांना पसंत पडली नाही, तेव्हा डॉजसन यांनी तोटा सोसून पुस्तक नव्याने छापून घेतले.

त्या काळी मुलांच्या पुस्तकांत उपदेशाचा भरणा फार असे. या पुस्तकात उपदेश नाही; पण विचाराला खाद्य आहे. पत्त्यांतील राणी निकालाआधीच शिक्षा फर्मावू पाहते, तेव्हा लहानगी आलिस भर न्यायालयात निर्भयपणे तिला विरोध करते. तर्काला सोडून चाललेला कारभार कसा हास्यास्पद असतो, हे गणिताच्या या अध्यापकाने हसत हसत दाखविले.

डॉजसन १८९८ साली निवर्तले. पतीच्या निधनानंतर आलिसला ती वही १८२८ नव्हे, तर विसाव्या शतकात, १९२८ साली विकावी लागली. वही अमेरिकेत गेली. १९४८ साली काही अमेरिकन लोकांनी ती विकत घेऊन ब्रिटिश जनतेस परत अर्पण केली. एका मुलीच्या आग्रहाने वाचलेली ती गोष्ट आता लंडनच्या ब्रिटिश ग्रंथालयात जतन केलेली आहे.

स्वाध्याय
१. आलिसने आग्रह धरला नसता, तर काय झाले असते?
२. टेनियल यांच्या नापसंतीनंतर डॉजसन यांनी काय केले? त्यावरून त्यांचा कोणता गुण दिसतो?
३. वाक्यांत उपयोग करा : छंद असणे, तोटा सोसणे.