बहुरूपी नट : दिलीप प्रभावळकर

सुगीच्या दिवसांत आमच्या गावी बहुरूपी येतो. कधी तो पोलीस असतो, कधी दुसरेच काही सोंग असते. तो खोटे दरडावतो, पोरे आधी घाबरतात, मग हसतात आणि आई सुपातून धान्य आणते. ‘अष्टपैलू अभिनेता’ या भारदस्त शब्दापेक्षा मला ‘बहुरूपी’ हाच शब्द जवळचा वाटतो. फरक इतकाच की बहुरूप्याला सोंग चार घटका टिकवायचे असते, तर दिलीप प्रभावळकरांनी ते पन्नासहून अधिक वर्षे टिकविले आहे.

त्यांचा जन्म १९४४ चा, शिक्षण विज्ञानाचे. रत्नाकर मतकरींच्या ‘अलबत्या गलबत्या’ या बालनाट्यात ते चक्क चेटकीण झाले. पुढे १९७० च्या दशकाच्या उत्तरार्धात मुंबई दूरदर्शनवर चिं. वि. जोशींच्या कथांवरील मालिका आली, तीत प्रभावळकर चिमणराव आणि बाळ कर्वे गुंड्याभाऊ. आमच्या प्राध्यापकांच्या पिढीला चिमणराव म्हटले की आजही तोच चेहरा आठवतो. पुस्तकातल्या माणसाला कायमचा चेहरा देणे ही लहान गोष्ट नव्हे.

परंतु त्यांची खरी शक्ती मला दोन कलाकृती शेजारी ठेवल्यावर उमगली. जयवंत दळवींच्या ‘नातीगोती’ नाटकात ते मतिमंद मुलाचे वडील होते. ‘चौकट राजा’ (१९९१) या चित्रपटात ते स्वतःच नंदू झाले, म्हणजे लहानपणीच्या अपघाताने बुद्धीची वाढ खुंटलेला प्रौढ. एकाच दुःखाच्या दोन्ही बाजूंना हा नट उभा राहून आला! नंदू पाहताना हसू येते, पण आपण नंदूला हसत नाही. अशा भूमिकेत नट जरा जरी घसरला तरी तिची नक्कल होते. आमच्या गल्लीतही असा एक मुलगा आहे. त्याची नक्कल करणारे पुष्कळ आहेत, म्हणून हा फरक मला चांगला ठाऊक आहे.

‘झपाटलेला’ (१९९३) मधला तात्या विंचू तर बहुतेक वेळ बाहुलाच आहे. बाहुला रामदास पाध्यांचा, आवाज प्रभावळकरांचा. शरीर काढून घेतले तरी नट शिल्लक राहतो, याचे याहून चांगले उदाहरण मला सापडले नाही.

‘लगे रहो मुन्नाभाई’ (२००६) मधल्या गांधीजींबद्दल पुष्कळ बोलले जाते. एक गोष्ट मात्र सहसा कोणी सांगत नाही. त्या कथेतले गांधीजी मुन्नाच्या मनातले आहेत. मुन्नाला जे ठाऊक नाही, ते त्यांनाही सांगता येत नाही. म्हणजे प्रभावळकरांना एका टपोरी तरुणाने कल्पिलेले गांधीजी उभे करायचे होते. म्हणूनच ते इतके मवाळ, घरातल्या आजोबांसारखे वाटतात. या भूमिकेसाठी आणि ‘शेवरी’ या मराठी चित्रपटासाठी मिळून त्यांना सहाय्यक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार लाभला.

‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ ही मालिका २००१ मध्ये सुरू झाली. तीतले आबा त्यांच्याच ‘अनुदिनी’ या लेखनातून आलेले. लेखक म्हणूनही ते मोठे आहेत, पण तो वेगळ्या लेखाचा विषय.

आता थोडे माझ्याविषयी. स्नेहसंमेलनाच्या नाटकात माझ्या वाट्याला दरवेळी गडी नाही तर शिपाई येतो, कारण माझ्या बोलण्याला गावाकडचा हेल आहे. घरातून कॉलेजात आलेला मी पहिलाच. त्यामुळे नटाची भाषा कोणती, हा प्रश्न माझ्यासाठी केवळ अभ्यासाचा नाही. पांढरपेशा चिमणराव बोलणारी जीभच ‘नारबाची वाडी’ (२०१३) मध्ये कोकणातल्या बागेवर जीव टाकणारा नारोबा बोलते. तिथे हेल सोंगासारखा वर चिकटवलेला वाटत नाही, तो त्या म्हाताऱ्याच्या हट्टातून येतो. मग उलट प्रवासही शक्य असला पाहिजे. गडी करणाऱ्याला चिमणराव का करता येऊ नये? यंदा मी दिग्दर्शकाकडे वकिलाची भूमिका मागितली आहे. अजून उत्तर आलेले नाही.

२०२५ मध्ये, वयाच्या एक्याऐंशीव्या वर्षी, प्रभावळकर ‘दशावतार’ चित्रपटात बाबुली मेस्त्री या म्हाताऱ्या दशावतारी कलावंताच्या रूपाने आले. आम्ही चौघांनी तो तालुक्याच्या थिएटरात पाहिला. त्यातल्या सोंगांइतकीच रंग उतरवल्यानंतरची बाबुलीची चालही बघण्यासारखी आहे.