आधी फाइल वाच

चि. सईस,


तुझं पत्र मिळालं. जिल्हा बाल संरक्षण कक्षात लागून वर्ष होत नाही तोच नोकरी सोडून पीएचडीला जायचं तुझ्या मनात आलंय. ‘इथं नुसते फॉर्म भरायचे, खरा अभ्यास होतच नाही,’ असं तू लिहितेस. पीएचडी जरूर कर. मी अडवणार नाही. तुझी आई अडवेल, पण ते तुम्ही दोघी बघा. मला पटलं नाही ते तुझं कारण. मुलांविषयीचं जे संशोधन पुढं खरोखर उपयोगी पडलं, त्याच्या मुळाशी असेच कुणीतरी नीट भरलेले फॉर्म होते.

गडचिरोलीचं उदाहरण घे. डॉ. अभय आणि राणी बंग यांच्या ‘सर्च’नं 39 गावांत घरोघर जाऊन नवजात बाळांची काळजी घ्यायची पद्धत बसवली. तुलनेसाठी 47 गावं अशी घेतली, जिथं नेहमीच्याच सेवा चालू होत्या. आरोग्यदूत म्हणून निवडलेल्या बायका त्याच गावांतल्या, बेताच्या शिकलेल्या. बाळाचं वजन करायचं, श्वास मोजायचे, अंग गार पडलंय का बघायचं, जंतुसंसर्गाची लक्षणं दिसली तर उपचार करायचा आणि सगळं तक्त्यात लिहायचं. काही वर्षांत त्या गावांतला नवजात मृत्युदर हजारी 62 वरून साधारण 25 वर आला आणि 1999 मध्ये ते ‘लॅन्सेट’मध्ये छापून आलं. आज देशभरातल्या आशाताई बाळंतिणीच्या घरी ठरलेल्या दिवशी जातात, त्यामागं हे काम आहे. पुढं 2001 मध्ये ‘कोवळी पानगळ’ अहवाल आला आणि महाराष्ट्रातले कितीतरी बालमृत्यू सरकारी नोंदीत येतच नाहीत हे उघड झालं. नोंदीला कारकुनी म्हणून नाक मुरडण्याआधी हे दोन्ही वाच.

आता तुझा अहवाल. नावं खोडून पाठवलास, ते बरं केलंस. त्यात तू लिहिलंयस, ‘आई बेजबाबदार असून घरातील वातावरण बालकाच्या संगोपनास पोषक नाही.’ मी बाल कल्याण समितीवर असताना हे वाक्य इतक्या फायलींत वाचलंय, की त्याचा शिक्काच करून घेतलाय की काय अशी शंका यायची! त्यात तुझं मत आहे. तू त्या घरात काय पाहिलंस ते कुठंच नाही.

आमच्यापुढं एका ऊसतोड बाईची फाइल आली होती. नवरा वारलेला, मुलगी अकरा वर्षांची, मुलगा लहान. ‘आई मुलांना वाऱ्यावर सोडून जाते, बालगृहात दाखल करावे’ अशी शिफारस होती. समितीनं अहवाल परत पाठवला आणि दुसऱ्या कार्यकर्तीला पुन्हा गृहभेट करायला सांगितलं. तिनं आणलेला अहवाल जेमतेम पानभर होता. नवरा-बायको मिळून एक कोयता धरतात. नवरा गेल्यापासून ही बाई दिराबरोबर अर्धा कोयता म्हणून जाते. मुकादमाकडून घेतलेली उचल नवरा असतानाची, अजून फिटलेली नाही. त्यामुळं दिवाळीनंतर गाडी आली की जाण्यावाचून गत्यंतर नाही. मुलांना फडावर कोपीत नेण्यापेक्षा गावी आजीपाशी ठेवते. आजीच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, तिला चूल पेटवता येत नाही, म्हणून स्वयंपाक मुलगी करते. शाळेचा हजेरीपट पाहिला: आई गेल्याच्या आठवड्यापासून मुलगी गैरहजर, धाकटा मात्र रोज अंगणवाडीत. शेजारीण संध्याकाळी कालवण देते. रेशन कार्डावर मयत नवऱ्याचं नाव तसंच.

पहिला अहवाल खोटा होता असं नाही. आई जातच होती. पण तो वाचून बालगृहाशिवाय दुसरं काही सुचत नव्हतं. दुसऱ्यातली प्रत्येक ओळ मात्र काय करायचं ते सांगत होती. आजीला उपजिल्हा रुग्णालयात न्यायचं, मुख्याध्यापकांशी बोलून मुलीचं नाव हंगामी वसतिगृहात घालायचं, आईचा बालसंगोपन योजनेचा अर्ज भरून घ्यायचा, रेशन कार्ड दुरुस्त करायचं. मुलगी त्या हंगामात गावातच राहिली, शाळेत गेली. पुढच्या वर्षी दिरानं मुकादम बदलला, आणि त्यानंतर त्या फाइलीत काही लिहिलेलं नाही. त्या मुलीचं पुढं काय झालं हे मला आजही सांगता येत नाही. तुला संशोधनाचा विषय हवा असेल तर तो इथं पडलाय. घरी राहिलेल्या आणि बालगृहातून घरी परत पाठवलेल्या मुलांचं दोन वर्षांनी काय होतं, याची तुमच्या जिल्ह्यापुरती यादी कर. एवढं झालं तरी पुष्कळ.

बालगृहात पुढच्या वेळी जाशील तेव्हा प्रवेशित मुलांशी जरा बसून बोल. बऱ्याच जणांची आई किंवा बाप हयात असल्याचं तुला कळेल. ती तिथं आलेली असतात ती आजारपण, कर्ज, स्थलांतर, दारू, दुसरं लग्न अशा कारणांनी. मारहाण, अत्याचार असेल तिथं मुलाला घरातून काढावंच लागतं. तिथं कचरायचं नाही आणि घरच्यांच्या रडण्यालाही भुलायचं नाही. पण ज्या घरात फक्त पैसा नाही, त्या घरातून मूल उचलणं ही मदत नव्हे. 2015 च्या बाल न्याय कायद्याच्या कलम 3 मध्येच संस्थेत ठेवणं हा शेवटचा उपाय मानलाय. क्रांतिज्योती सावित्रीबाई फुले बालसंगोपन योजनेचे महिना 2250 रुपये किंवा मिशन वात्सल्यच्या प्रायोजकत्वाचे 4000 रुपये, हे याच तत्त्वाचं व्यवहारातलं रूप. फार नाहीत, मान्य. पण तहसीलचा उत्पन्नाचा दाखला, मृत्यूचा दाखला, बोनाफाईड, आधार आणि बँकेचं खातं यांत अडकून तेही मिळेनासे झाले, की आई स्वतःच मुलाला बालगृहात आणून सोडते. अडलेला दाखला मिळवून देणं हे तुझंच काम समज.

बुखारेस्टचा अभ्यास तू एमएसडब्ल्यूला वाचला असशीलच. चाउशेस्कूच्या राजवटीनं रोमानियात अनाथालयं भरून टाकली होती. ती राजवट गेल्यानंतर नेल्सन, फॉक्स आणि झीना या संशोधकांनी तिथल्या 136 लहानग्यांपैकी निम्म्यांना चिठ्ठ्या टाकल्यासारखं निवडून पालक कुटुंबांत ठेवलं. कुटुंबांत गेलेल्यांची बौद्धिक वाढ चांगली झाली, त्यातही दोन वर्षांच्या आत गेलेल्यांची जास्त. 2007 मध्ये हे ‘सायन्स’मध्ये आलं. आपल्याकडं परिसंवादांत याचा हवाला देऊन कुठलंही घर बालगृहापेक्षा बरं असं ठोकून देतात. मूळ अभ्यासात तसं नाही. त्या कुटुंबांना मानधन होतं, प्रशिक्षण होतं आणि अडचण आली की धावून येणारे सामाजिक कार्यकर्ते होते. तेव्हा मुलाला आईकडं किंवा काकाकडं परत पाठवताना नुसतं आदेशाचं पत्र हातात ठेवू नकोस. पुढच्या गृहभेटीची तारीख त्यावरच लिही, आणि तू जाणार की दुसरं कुणी तेही.

मुलांशी बोलण्याबद्दल थोडं सांगते. अत्याचाराच्या प्रकरणातलं मूल तुझ्यासमोर येतं तोवर त्यानं आपली हकीगत पोलिसांना सांगितलेली असते, डॉक्टरांना, समितीला, अधीक्षकांना सांगितलेली असते. वर कुणी विद्यार्थी प्रश्नावली घेऊन येतो. आधी फाइल वाच. त्यात लिहिलेलं पुन्हा विचारू नकोस. उद्या पीएचडीसाठी म्हणून गेलीस तरी हाच नियम, किंबहुना तेव्हा जास्त, कारण तुझ्या प्रबंधातून त्या मुलाला काही मिळायचं नसतं.

आणि फोटो. बालसंगोपनाच्या अर्जाला घरासमोर पालकाबरोबर काढलेला फोटो लागतो, तो अर्जालाच चिकटव. कार्यालयाच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर ‘आजची गृहभेट’ म्हणून टाकू नकोस, साहेब म्हणाले तरी. मुलाची ओळख उघड करायला मनाई करणारं बाल न्याय कायद्याचं कलम 74 त्यांनाही लागू आहे. बालगृहात वाढदिवसाचा केक घेऊन येणाऱ्या दात्यांना हे समजावणं त्याहून अवघड. ते रागावतात, देणगी थांबवण्याची भाषा करतात. बोलू देत.

सध्या तुझ्याकडं वेळ थोडा आहे. दिवाळी झाली की गाड्या लागतील. तुझ्या तालुक्यात कोणत्या शाळांनी हंगामी वसतिगृहाचे प्रस्ताव पाठवलेत ते गटशिक्षणाधिकाऱ्यांच्या कार्यालयात जाऊन बघ, आणि गेल्या हंगामात गैरहजर राहिलेल्या मुलांची नावं हजेरीपटावरून उतरवून घे. दोन्ही याद्या शेजारी ठेव. ज्या शाळेतली मुलं गैरहजर होती पण प्रस्ताव गेलेला नाही, तिथं आधी जा. परत आलीस की काय दिसलं ते मला लिही, विशेषणं गाळून. मग पीएचडीच्या अर्जाचं बोलू.

तुझी,
मावशी