कॅल्शियम, जनुके आणि तिसऱ्यांदा ‘नीट’

शरीरात कॅल्शियमची हक्काची जागा म्हणजे हाडे आणि दात. कॅल्शियम व फॉस्फेट रक्तातून सतत वाहत असतात. तरीही धमन्यांत, त्वचेत त्यांचे स्फटिक होत नाहीत. याचे मोठे श्रेय पायरोफॉस्फेट या छोट्या रेणूला जाते. जनुकीय दोषामुळे हा रेणू कमी पडला, की कॅल्शियम भलत्या ठिकाणी साचू लागते. ईएनपीपी१ जनुकातील दोषाने तान्ह्या बाळाच्या धमन्या कडक होऊ शकतात. एनटी५ई जनुक निकामी झाले, की पायरोफॉस्फेट तोडणारे विकर जोर धरते आणि पायांच्या धमन्यांत क्षार साचतात. अमेरिकेतील राष्ट्रीय आरोग्य संस्थेच्या संशोधकांनी हे २०११ मध्ये दाखवून दिले.

एबीसीसी६ जनुकातील दोषाने होणाऱ्या स्युडोझँथोमा इलास्टिकम या आजारात मानेवर बारीक पिवळसर पुटकुळ्या येतात, डोळ्याच्या पडद्यामागे चिरा दिसतात, चालताना पोटऱ्या दुखतात. रुग्ण त्वचारोगतज्ज्ञ आणि नेत्रतज्ज्ञ यांच्याकडे वेगवेगळा जातो आणि लक्षणांचा एकमेकांशी संबंध लावायचा राहून जातो. तो लावण्याच्या कामात जनुकीय समुपदेशकाचा मोठा वाटा असतो. तो तीन पिढ्यांची वंशवेल काढतो: पुरुषासाठी चौकोन, स्त्रीसाठी वर्तुळ, नात्यात लग्न झाले असेल तर जोडप्यामध्ये दुहेरी रेघ. महाराष्ट्रात मामेबहीण-आतेभावाची लग्ने अनेक समाजांत होतात, त्यामुळे ही दुहेरी रेघ इथे महत्त्वाची ठरते. आई-वडील दोघेही वाहक असतील, तर प्रत्येक गरोदरपणात बाळाला असा आजार होण्याची शक्यता २५ टक्के असते. हा आकडा, किंवा अहवालातला ‘अर्थ अनिश्चित’ हा शेरा, घाबरलेल्या जोडप्याला दोष न देता समजावून सांगणे हेच या व्यवसायाचे कौशल्य आहे.

त्यासाठी एमबीबीएस लागत नाही. जीवशास्त्रातील बीएस्सीनंतर जनुकीय समुपदेशनातील एमएस्सी करता येते. प्रवेशापूर्वी एकच गोष्ट कसून तपासावी: विद्यार्थ्याला रुग्णालयात प्रत्यक्ष कुटुंबांसमोर बसायला मिळते का? मिळत नसेल, तर तो अभ्यासक्रम घेऊ नये. नोकऱ्या मुख्यतः मोठ्या शहरांतील रुग्णालयांत व प्रयोगशाळांत आहेत आणि संख्येने मर्यादित आहेत, हेही लक्षात ठेवावे.

इतर वाटा परिचित आहेत. डॉक्टरांसाठी एमडीनंतर वैद्यकीय आनुवंशिकीतील डीएम आहे. लखनौच्या एसजीपीजीआयमध्ये ते शिकवले जाते. संशोधनासाठी पुण्याचे आयसर आहे. संगणकाची आवड असणाऱ्यांना जैवमाहितीशास्त्र आहे.

तरीही दर निकालानंतर घरोघरी एकच प्रश्न असतो: पुन्हा ‘नीट’ द्यायची का? एकदा पुन्हा प्रयत्न करण्यात गैर काही नाही. पण मूल नको म्हणत असताना त्याला तिसऱ्या वर्षी क्लासमध्ये बसवणे ही जबरदस्ती आहे. १८० प्रश्नांच्या त्या परीक्षेत वंशवेल वाचण्याची, ऐकून घेण्याची किंवा धीर देण्याची क्षमता मोजली जात नाही. ‘लोक काय म्हणतील’ या धाकापोटी मुलाची उमेदीची वर्षे खर्ची घालण्याचा अधिकार पालकांना नाही. जीवशास्त्र आवडणाऱ्या मुलापुढे एमबीबीएस हा एकच दरवाजा आहे, असे त्याला सांगू नये. ते खरे नाही.